जेटीवरचा फळा

मंगळवार आणि शुक्रवार, सकाळी सहा पन्नासची फेरी.
तवसाळच्या जेटीवर तिकिटाच्या खिडकीशेजारी
भरतीओहोटीच्या वेळा लिहायचा फळा आहे.
खाली उरलेल्या जागेत दाऊद होडेकर
रोज एक सुविचार लिहितो.
अक्षर वळणदार, खाली लाल खडूची रेघ.

अपयश ही यशाची पहिली पायरी.
रात्रीनंतर पहाट होतेच.
मी ते वाचायचे नाही.
म्हणजे वाचायचे, सगळेच वाचतात,
बोट येईतो दुसरं करायचं काय?

ह्यांचा हात माझ्या खांद्यावर.
पिशवीत फाइल, चादर, उकडलेली दोन अंडी,
आणि मोजून अर्धा लीटर पाणी, दिवसभराचं.
ज्याने सगळा जन्म पाण्यावर काढला
त्याला पाणी मोजून द्यायचं.
ह्याच्यावर आहे का काही, होडेकर,
तुमच्या खडूत?

हे मनातच म्हणायचे.
पण एका शुक्रवारी रत्नागिरीत मशीन बंद निघालं,
आम्ही सुजलेल्या पायांनी तसेच परतलो,
आणि फळ्यावर होतं :
संकटं माणसाला घडवतात.

मी खिडकीत डोकं घातलं.
"घडवतात ती भांडी. माणूस पिचतो."
ते काही बोलले नाहीत.
सुट्टे पैसे पुढे केले, नेहमीपेक्षा हळू.

पुढच्या मंगळवारी फळ्यावर
भरती नऊ बारा, ओहोटी तीन वीस.
खाली नुसता ओल्या फडक्याचा फराटा.

"आज काही नाही?" मासळीवाल्या दोघीजणी विचारून गेल्या.
कॉलेजची एक पोर उभी होती,
मांडीएवढी वही हातात उघडी, पेनाचं टोपण दातांत.
ती रोज उतरवून घ्यायची म्हणे, गेली दोन वर्षं.
मला झालं, कुणाच्या वाटणीचं पाणी
माझ्या हातून सांडलं.

होडेकर बाहेर आले, खिडकीतून नाही, दारातून.
"मला तरी कुठे सगळे पटतात, वहिनी.
पोरगा कुवेतला आहे. दोन वर्षांत फोन नाही.
लिहितो तेवढा वेळ हात कापत नाही, एवढंच."

काय बोलावं मला सुचेना.
तेव्हा बाकावरून हे बोलले,
खाडीकडे बघत, कुणालाच उद्देशून नाही :
"जाळं फाटलं तर भोकं नको मोजू.
सूत किती ऱ्हायलंय ते बघ."

"हे कुणाचं?"
"मामाचं. नऊ वर्षांचा होतो, होडीत रडत होतो.
आधी शिवी दिली, मग हे."

होडेकर हसले. हसताना मी त्यांना पहिल्यांदाच बघितलं.
शिवी गाळून बाकीचं लिहिलं,
ऱ्हायलंय मात्र ऱ्हायलंयच ठेवलं.
ह्यांनी ते उभं राहून वाचलं,
माझ्या खांद्यावरचा हात काढून घेऊन,
विकलेल्या होडीवरचं नाव
बंदरात अचानक दिसावं तसं.

पोरीने उतरवून घेतलं. "खाली नाव काय लिहू, आजोबा?"
ह्यांनी घसा साफ केला.
"तांडेल लिही."
चौदा महिन्यांत हा शब्द आमच्याकडे
कुणी उच्चारला नव्हता.

तसं पुढे काही घडलं नाही.
चार तास मशीन फिरलं, नेहमीसारखं.
शेजारच्या खाटेवरचे गावखडीचे गृहस्थ आज आले नव्हते,
नर्सबाईंना कारण विचारायचं मी टाळलं.
येताना एस.टी. जाकादेवीला पाऊण तास बंद पडली.

संध्याकाळी जेटीवर खिडकी लागलेली.
खाऱ्या दमट वाऱ्याने फळा खाल्ला होता,
जाळं गेलं, भोकं गेली,
"सूत" तेवढं धडपणे वाचता येत होतं,
आणि लाल रेघेचा एक तुकडा.

हे बघून पुढे चालू लागले. मी पिशवी सावरली.
बुधवार मोकळा, गुरुवार मोकळा.
शुक्रवारी सहा पन्नास.

मामाने दिलेली शिवी कोणती
ते विचारायचं राहूनच गेलं.