मानीव दिनांक

सासरे व्हिजिट व्हिसावर आले तेव्हा
बॅगेत चकल्यांचा डबा होता, बीपीच्या गोळ्या होत्या,
आणि हिरव्या नाडीची फाईल मात्र हातात.
शारजा विमानतळापासून अजमानपर्यंत
मांडीवर घेऊन बसले,
आजारी लेकरू न्यावं तशी.

खिल्लारे, रंगनाथ सोपान. भरती शिपाई म्हणून.
खात्याची परीक्षा तिसऱ्या खेपेला पास.
ते फौजदार झाले त्याच वर्षी नाशिकच्या अकादमीतून
विद्याधर सोनटक्के बाहेर पडला,
सरळसेवेचा, तेवीस वर्षांचा, बुटांना कोरा वास.
यादीत तो एकशे चार. हे एकशे एकोणीस.
मधल्या पंधरा नावांत
आमच्या घरची सगळी जेवणं थंड झाली.

कोटा, बिंदू, तदर्थ.
लग्न होऊन आले तेव्हा मला वाटलं होतं,
ही कुणा रुसलेल्या पाहुण्यांची नावं असावीत.

सातव्या मजल्यावर सोनटक्क्यांची मुलगी राहते
हे मला ठाऊक होतं.
सोनटक्के महिनाभर तिच्याकडे आलेत, हेही.
मी सांगितलं नव्हतं.

लिफ्टपाशीच गाठ पडली.
दार उघडलं. दोघंही उभे.
दार मिटलं.
वॉचमन गुलजमानने दोघांना एकच सलाम ठोकला,
मधल्या हवेत.

मग रोज संध्याकाळी, ऊन उतरल्यावर,
खजुरांना पाणी घालणाऱ्या काळ्या नळीशेजारच्या बाकावर.
"तुमचं प्रोबेशन धरलं. आमची तदर्थची तीन वर्षं कुठं गेली?"
"आणि तुमचे हवालदार मला सॅल्यूट मारायचे
ती बोटं कपाळापर्यंत पोचायची का कधी?"
मी नातवाच्या सायकलमागे धावत
जेवढं कानावर येईल तेवढं ऐकायचे.

एकदा सोनटक्के म्हणाले,
"विहिरीतून पहिलं प्रेत काढलं, मी ओकलो.
तुम्ही माझी टोपी धरून उभे होता."
"होतो."
बराच वेळ नळीतलं पाणी नुसतं ठिबकलं.
"त्या दिवशी तुम्ही ज्येष्ठ होता," सोनटक्के म्हणाले.
"तेवढं प्रतिज्ञापत्रात लिहायचं होतंत," सासरे म्हणाले,
आणि दोघं खोकल्यासारखं हसले.

अंतिम यादी फोनवर आली ती मंगळवारी.
मोतीबिंदूचा डोळा अजून पाणावतो,
म्हणून मीच वाचून दाखवली.
मॅटच्या निकालास अधीन राहून, श्री. खिल्लारे, सेवानिवृत्त,
यांना पदोन्नतीचा मानीव दिनांक देण्यात येत आहे.
थकबाकी अनुज्ञेय नाही.
"नंबर?"
"एकशे तीन."
"आणि तो?"
"एकशे चार."
ते काही बोलले नाहीत.
चकलीचा एक तुकडा तोडला, परत डब्यात ठेवला.

मानीव. म्हणजे जो उगवला नव्हता
पण उगवला असं मानायचं, तो दिवस.
मी ऑफिसात अकरा वर्षं रुजू-तारखांचे तक्ते करते,
कुणाचा व्हिसा कधी संपतो, कुणाची ग्रॅच्युइटी किती.
इथे ज्येष्ठता नसते, मुदत असते.
असल्या तारखेसाठी
माझ्या तक्त्यात रकानाच नाही.

बुधवारी लिफ्टपाशी सोनटक्के बाजूला सरले.
सातव्या मजल्यावरही फोन असतात.
हात पुढे करून, अगदी परेडच्या आवाजात:
"आधी आपण, साहेब."

हा क्षण आमच्या घरात किती वर्षं जेवायला बसलाय
ते मला माहीत आहे.
सासऱ्यांनी छाती थोडी पुढे काढली. काढली, मी पाहिलं.
मग म्हणाले,
"मला पाचव्यावर उतरायचंय, तुम्हाला सातव्यावर.
नंतर उतरणाऱ्याने आत आधी शिरावं,
नाहीतर मधेच सगळ्यांना हलावं लागतं."

सोनटक्के आत गेले. मग हे.
मग मी, कोथिंबिरीची जुडी सांभाळत.
दोघांनी एकदमच बटणाकडे हात नेला.