वाटलंस

केम्निट्समध्ये, चौथ्या मजल्यावर,
यानिकचा सिनेमा नव्याण्णव टक्क्यांवर अडला.
उरलेला तुकडा माँटेव्हिडिओतल्या कुणापाशी,
आणि तो झोपलेला.

बाकीचे आले होते कुठून कुठून,
शेवट आधी, सुरुवात मागाहून,
एक चुंबन तार्तूहून, तेही अर्धंच.
आले तसे यानिककडून पुढेही गेले:
इथं घेणारा हात
त्याच क्षणी देत असतो.

इथं दुपार झाली, तिकडे उजाडलं. शंभर.
पाहिला. आवडला नाही. जाकीट घालून बाहेर पडला.
लॅपटॉप वाटत राहिला.

त्या घोळक्यात एक जण नुसता उभा होता,
सिनेमाशी देणंघेणं नसलेला,
पत्ते उतरवून घेत.

सात आठवड्यांनी जाड पाकीट आलं
घरमालकीण ब्योनिशबाईंच्या नावानं;
वायफाय त्यांचं.
नऊशे पंधरा युरो. मुदत दहा दिवस.
चष्मा पुसून त्यांनी दोनदा वाचलं,
मग त्याच्या दारावर टकटक:
"घेतलंस, याचं फारसं काही नाही लिहिलेलं.
लिहिलंय, वाटलंस."

यानिक पैसे मोजत बसला.
सिनेमासोबत आलेली
सबटायटल्स नावाची ती चिमुकली फाइल
त्यानं अजून उघडलेली नव्हती.