दुभाष्याचा जबाब

किसुमूच्या न्यायालयाची चिठ्ठी आली, तीत एवढंच होतं:
साक्षीदार बहिरा, वय एकोणचाळीस, अर्जदाराचा भाऊ.
म्हटलं, अर्ध्या तासाचं काम. जेवायच्या आत घरी.

खटला तसा साधा.
अपोंडी ओगुटु, होमा बेच्या नोंदणी कार्यालयात
सतरा वर्षं लोकांची बोटं धरते,
आधी शाईवर टेकवते, मग कागदावर.
तिची बदली लोडवारला. रुजू व्हायला चौदा दिवस.
तिचं म्हणणं: माझ्याशिवाय त्याला बोलायला कुणी नाही.
खात्याचं म्हणणं: अडचण कुणाला नसते?
वकिलाने यादीच आणली होती.
दमा, जुळी मुलं, आंधळी सासू,
आणि हे सगळे गेले होते जिथे पाठवलं तिथे, मुकाट.

मी ओडोयोसमोर उभा राहिलो, हात वर केले.
नाव काय तुझं?
त्याने माझ्या हातांकडे पाहिलं
जसं आपण पाहतो दुसऱ्याच्या अंगणात वाळत घातलेल्या कपड्यांकडे.
मग बहिणीकडे.

पुन्हा विचारलं. सावकाश.
मग मोठं मोठं, लहान मुलाला दाखवतात तसं.
बावीस वर्षं झाली, माझं हातावरचंच पोट,
शेवटी हात टेकले.
महोदया, म्हणालो, ही मला येणारी भाषा नव्हे.
शाळा याने पाहिलेली नाही.
ही या दोघांनी जाळ्यांखाली बसून,
आईची पाठ वळली की, जुळवलेली.
बोलणारे एकूण दोन.

मग बहिणीनेच सांगावं, न्यायमूर्ती म्हणाल्या.
वकील उठला. ती अर्जदार आहे.
तिचं भाषांतर पुराव्यात धरता येत नाही,
तिचा त्यात स्वार्थ आहे.
आणि त्याचं बरोबर होतं,
कायद्याने अगदी बरोबर.

तेवढ्यात ओडोयोच बोलायला लागला.
कुणी विचारलं नव्हतं.
कपाळाला अंगठा,
मग छातीशी काहीतरी फाडल्यासारखं, दोनदा,
मग समोरच्या कठड्यावर अंगठा दाबला,
उचलला,
आणि लाकडात शोधत राहिला.

अपोंडीने ओठ दाबले. मला वाटलं रडेल. हसली.

लेखनिकाने विचारलं, काय लिहू?
न्यायमूर्ती बराच वेळ खिडकीबाहेर पाहत होत्या.
लिहा, म्हणाल्या:
साक्षीदाराने हातवारे केले.

निकाल दुपारनंतर.
बदली कायम. स्थगिती नव्वद दिवस.
तोवर भावाला मान्यताप्राप्त खुणांची भाषा शिकवावी.
शिकवणारा मी. मानधन खात्याकडून.

म्हणून दर शनिवारी मी जातो.
दारात ओमेना वाळत असते, तिच्यावर माश्या,
तो जाळं बाजूला सारतो आणि मांडी घालून बसतो,
चाळिशीला आलेला विद्यार्थी.
पहिल्या दिवशी 'पाणी' शिकवलं.
त्याने मान हलवली. चार पाणी दाखवली:
मडक्यातलं. सरोवरातलं. होडीत शिरलेलं.
चौथं मला कळलं नाही, त्याने सोडून दिलं.

सात आठवड्यांत माझे अकरा शब्द त्याला आले.
त्याचे साठेक मला.
अहवालात एक रकाना असतो, प्रगती.
कुणाची, ते लिहिलेलं नाही.
मी 'समाधानकारक' लिहितो.

कठड्यावरच्या त्या अंगठ्याचा अर्थ
अपोंडीला अजून विचारला नाही.
विचारायची गरज उरली नाही, अशी भीती वाटते.

परवा तिने बाजारातून पत्र्याची पेटी आणली,
निळी, कुलूप वेगळं बांधलेलं.
ओडोयोने ती उघडली, बंद केली, उघडली.
मग माझ्याकडे वळला
आणि पहिल्यांदाच, आपणहून, माझ्या भाषेत विचारलं:
किती?

दिवस, की मैल, की वर्षं, कळेना.
करंगळी चुकीची वाकली होती.
मी ती सरळ केली.
उत्तर दिलं नाही.