पियानोच्या पोटातला बल्ब

ऑपरेशननंतर माझा आवाज परत आला
तो चहाच्या गाळणीत अर्धा ठेवून.
चौथी ब, बेचाळीस मुलं,
आणि मी फळ्यावर लिहून ओरडायचे : गप्प बसा.
डॉक्टरांनी चिठ्ठीवर औषध नाही, पत्ता लिहिला.
ठाणे, चरई, दुसरा मजला,
हर्मिना कुटिन्हो, सोप्रानो.

सोप्रानो हे मला आडनाव वाटलं.

दार उघडलं ते गळ्याला मफलर गुंडाळलेल्या बाईनं,
ऐन मे महिन्यात.
आत पियानो. त्याच्या पोटात पंचवीसचा बल्ब,
दिवसरात्र चालू.
"तलावाची ओल चढते गो याला.
कोंबडीची पिल्लं ठेवतात, तसा ठेवलाय."

पहिला महिना गाणं नाहीच.
ग्लासभर पाणी, पाण्यात स्ट्रॉ, स्ट्रॉतून हुंकार.
बुडबुडे सगळे सारखे यायला हवेत.
एखादा मोठा आला की ती पट्टीनं
पियानोच्या लाकडावर टक् करायची
आणि मी, वीस वर्षांची मास्तरीण,
आपोआप हात पुढे करायचे.

वरच्या मजल्यावर मिक्सर लागला की म्हणायची,
"बी फ्लॅट. खोबरं जास्त झालंय,
उतरतोय बघ."

तिची हकीकत मला श्वासांच्या मध्ये मध्ये मिळाली.
चर्चच्या माळ्यावरचा कॉयर, वय नऊ.
बाप लेथवर, बोटांत कायम लोखंडाचा कीस.
एकविसाव्या वर्षी शिष्यवृत्ती, लंडन,
उसना ओव्हरकोट, त्याच्या खिशात
दुसऱ्याच कुणाची बसची तिकिटं.
तिथं एका ऑपेरात मोलकरणीचं काम मिळालं,
चार ओळी आणि एक ट्रे.
"ट्रे मी छान धरायचे."
याच्यापुढे लंडन ती सांगत नसे.

मग आई घरातल्या घरात पडली
आणि हर्मिना आली, सहा महिन्यांसाठी.
त्या सहा महिन्यांना आता एक्केचाळीस वर्षं झाली.
लग्नात गायली, मयतात गायली
(लग्नाचे दीडशे, मयताचे काही नाही),
कळव्याचा बँकेतला कारकून, दोन सिस्टर,
आणि हल्ली घोडबंदरच्या टॉवरमधली पोरं,
मोबाइलवर पाऊण तास लावून येणारी.

वरचा सी गेला तो अठ्ठावन्नाव्या वर्षी, मंगळवारी.
स्वरलिपीच्या कडेला तिनं तारीख टाकली आहे
पेन्सिलीनं, दुधाचा खाडा मांडावा तशी.
"रडलात?"
"त्या दिवशी तीन शिकवण्या होत्या."

तिचं म्हणून एकच रेकॉर्डिंग आहे. कॅसेट.
एकदा तिनं लावली, स्वतः उभी राहून ऐकली.
तो आवाज चढत जातो, चढत जातो,
जिथं मी खुर्चीची कड धरली, तिथंच
खरखर, आणि एक पुरुष शांतपणे सांगतो :
चेंडू तटवला, धाव नाही.
भावानं वरून मॅच भरली होती.
मला काय बोलावं कळेना.
ती हसून हसून खोकली, मफलर सुटला.
"तटवला! निदान चौकार तरी भरायचा, ग्लॅडविन."
मग बटण दाबलं
आणि कॅसेट पुन्हा पहिल्यापासून लावली.

जूनमध्ये शाळा उघडली.
हजेरी शेवटच्या बाकापर्यंत गेली.
पाटणकरांचा ओजस म्हणाला,
बाई, तुम्ही आमची नावं लांब का करता?

मी अजून जाते, गुरुवारी.
गळा बरा आहे, तरी जाते.
परवा ऐन सरावात लाइट गेली.
मिक्सर थांबला, पंखा थांबला,
पियानोच्या फटीतला पिवळा उजेडही.
अंधारात ती चाचपडत उठली,
झाकणावर तळहात ठेवून थोडा वेळ उभी राहिली,
ताप बघतात तशी.
"गरम आहे अजून," म्हणाली.
"घे श्वास. मी नाही वाजवत,
तू धर सूर."