रकाना चौदा

परवान्याच्या अर्जात चौदा रकाने असतात.
सोहारला आल्यापासून अकरा वर्षं मी तेच भरतोय:
कामाची जागा, वायूची चाचणी, शिडी, दोर, मास्क,
वारा कुठून कुठे.
चौदावा रकाना पोस्टाच्या तिकिटाएवढा.
त्यात लिहायचं: जबाबदार व्यक्ती.

त्या मंगळवारी तिथं सही आहे नसीम हमदुलेची.
बाणकोटचा. इंग्रजीत सही करताना
तो मधल्या डीपाशी थांबायचा,
जणू पुढे खाडी आहे आणि होडी यायचीय.

सात नंबरची झडप गळते, हे सगळ्यांना ठाऊक होतं.
कॅन्टीनमागच्या साळुंक्यांनाही,
मार्चपासून त्या तिकडे बसेनात.
मी तीनदा लिहिलं: झडप बदला,
चार दिवस कारखाना बंद ठेवावा लागेल.
बाणेरच्या काचेआडून दोन ओळी आल्या:
पुढच्या तिमाहीत बघू.
तोवर काळजी घ्या.

काळजी घे,
आईसुद्धा फोन ठेवताना हेच म्हणते.

चार माणसं गेली.
नसीम, वर्गीस, टेकबहादुर, आणि एक पोरगा
ज्याचं व्हिसावरचं नाव वेगळं, घरचं वेगळं;
दोन्ही नावांनी हाका मारून पाहिल्या.
कुंपणापलीकडे हमूद मासेवाल्याच्या नऊ शेळ्या.
त्याच्या खजुराची झाडं
एकाच बाजूने तांबडी पडली,
कुणी थोबाडीत मारावं तशी.

तिसऱ्या दिवशी साहेब आले.
हेल्मेटवरचा किमतीचा कागद काढायचा राहिलेला.
गाडी चालूच, आतला गारवा जाऊ नये म्हणून.
माझ्याशी मराठीत बोलले.
"तुम्ही कुठले?"
"बार्शीचा."
"अरे वा! आमची मावशी दिली होती बार्शीला."
तीन दिवसांत इतकं मऊ कुणी बोललं नव्हतं,
माझे डोळे भरून आले, खोटं कशाला सांगू.
मग त्यांनी रजिस्टरसाठी हात पुढे केला,
पाहुणा पाण्याच्या पेल्यासाठी करतो तसा.

मी दिलं.
हेही कुठेतरी लिहिलेलं असावं: मी दिलं.

त्यांनी पानं उलटली. रकाना चौदा. बोट थांबलं.
"सही ह्याचीच ना?"
"ह्याचीच."
त्यांचे खांदे खाली आले,
जिना चढून आलेल्या माणसाचे येतात तसे.

रात्रीच्या विमानाने ते गेले.
समन्स सकाळी आलं. घ्यायला मी होतो.
नसीमला घरी जायला एकवीस सह्या लागल्या
आणि सतरा दिवस.

सरकारी वकील बलुची घरातली, तरुण बाई.
दुभाष्यामार्फत विचारते:
झडप न बदलायचं कुणी ठरवलं?
मी म्हणतो, कंपनीने.
ती पेन खाली ठेवते.
कंपनीला आई आहे का, विचारते,
जिच्या घरी मी पोलीस पाठवू?
दुभाष्या हसतो. ती हसत नाही.
इथून तिथे नोटीस जाते, म्हणते,
तिथून इथे माणूस येत नाही.
कागद आण. नावाचा कागद.

दरम्यान पुण्याहून सुधारित अर्ज आलाय.
आता पंधरा रकाने.
पंधराव्यात कामगाराने लिहायचं:
वरील सर्व धोके मला समजले आहेत.

त्या दोन ओळी मी तेव्हाच छापून ठेवल्या होत्या.
खोलीची झडती झाली दोनदा, पण पिठात कोण बघतो.
उद्या दहाला पुन्हा बोलावलंय.
डबा उघडतो. कागदाला ज्वारीचा वास.
खाली, तारखेच्या शेजारी, नाव आहे.
एक जुना कोरा अर्ज घेतो, चौदा रकान्यांचा,
आणि तिकिटाएवढ्या जागेत
वडिलांच्या नावासकट, न तोडता, लिहितो:
उपेंद्र रामकृष्ण तुळपुळे.

बसतं. बारीक लिहावं लागतं, पण बसतं.
अक्षर माझं पहिल्यापासून चांगलं आहे.
बार्शीच्या शाळेत त्यासाठी एकदा
मला दोनशे पानी वही मिळाली होती.