उशीर

दहीपुलाच्या कोपऱ्यावर माझं सहा बाय चारचं दुकान.
भिंतीवर एकोणचाळीस घड्याळं, एकाचं दुसऱ्याशी पटत नाही.
मधलं तेवढं खरं.
बाकीची माणसांसारखी.

पळकर मंडळी तांबट आळीच्या मागच्या बोळात राहतात,
हे इथं सगळ्यांना ठाऊक, आणि कुणी बोलत नाही.
तांब्यावर हातोडी पडते, दुसरी पडायची असते,
त्या दोन ठोक्यांच्या मधे त्यांची धुणी वाळतात,
भांडणं होतात, मिटतात,
वरणाला फोडणी बसते.
आपल्याला फक्त ठण्ण. ठण्ण.

त्यांची पोरं जन्मायच्या आठ दिवस आधीपासून रडतात.
खोलीत मूल नसतं, नुसतं रडणं असतं.
मग ते येतं, गप्प, रडून झालेलं,
आणि सुईण मनगटाला काळा दोरा बांधते:
आजच्यात राहा रे बाबा, आजच्यात.

शिकवावं लागत नाही. माशाला पोहणं, तसं.
पिंपळगावचा द्राक्षमणी मुठीत धरतात, उघडतात, बेदाणा.
पुन्हा मिटतात, पुन्हा हिरवा, आंबटढाण.
भरबाजारात हा खेळ केला तर आई धपाटा घालते.
धपाटा कधी कधी कालच बसलेला असतो.

काळ सोकावतो, म्हणतो आपण, आणि दाराला कडी घालतो.
त्यांच्याकडे तो उंबऱ्यात मुटकुळं करून झोपतो;
येणारेजाणारे शेपटी चुकवून जातात.

द्वारका पळकर आली ती मंगळवारी, दुकान उघडायच्या आधी,
म्हणजे मी कुलूप काढलं तेव्हा ती आत स्टुलावर होती.
नाव द्वारका. तिच्या नावाच्या चौकात
अख्खं नाशिक तासभर अडकतं, तिचा मात्र
आयुष्यात एक मिनिट कुठं सांडला नव्हता.

अण्णांना जाऊन तेरा महिने झाले होते.
मला राहवलं नाही. म्हटलं, बाई, एक दुपार हवी होती.
श्रावणातली. गंगेचं पाणी दुतोंड्या मारुतीच्या छातीला,
सगळी गल्ली पूर बघायला गेलेली,
अण्णा डोळ्याला भिंग लावून, चिवड्याची पुडी उघडी,
आम्ही दोघंच. तेवढी एक.
काय लागेल ते देईन.

ती हलली नाही. पापणीही नाही.
पण खाली बघितलं तर तिच्या चपला ओल्या,
अंगठ्याला पुराचा लाल गाळ.

आणता येईल, म्हणाली. पण जागा नाही हो तिथं.
तुम्ही आधीच बसलायत ना, याच स्टुलावर.
अण्णा काहीतरी सांगतायत, हात हलवून हलवून,
आणि तुम्ही घड्याळाकडे बघताय.

कोणत्या, मी विचारलं.
हे विचारायचं नव्हतं.

मधल्या, ती म्हणाली.

बराच वेळ एकोणचाळीस घड्याळं बोलत राहिली.
मग तिनं रुमालाची गाठ सोडली,
चावीचं बायकी घड्याळ, काच तडकलेली, काटे शहाण्यासारखे.
काय बिघडलंय?
काही नाही. चार मिनिटं मागं पडेल असं करून द्या.
दुरुस्त घड्याळ बिघडवायला आलेलं हे पहिलंच गिऱ्हाईक.
म्हटलं, तुम्हाला कशाला?
तर लाजली. खरंच लाजली, पन्नाशीची बाई.
आमच्यात कुणाला उशीर होत नाही, म्हणाली.
कुणी वाट बघत नाही आमची. दार वाजवायच्या आधीच आलेले असतो.
एकदा बघायचंय
कुणीतरी रस्त्याकडे डोळे लावून बसलंय, आणि मी अजून नाही.

पावती फाडली. शुक्रवारी संध्याकाळी सहाला या.

त्या शुक्रवारी मी साडेआठला शटर ओढलं, अर्धंच.
नंतर दिवाळी गेली. तांबट आळीत दोन भट्ट्या बंद पडल्या.
घड्याळ खणात आहे, रोज चावी देतो, चार मिनिटं बरोब्बर मागं.
सहा वाजले की हातातलं काम खाली ठेवतो,
मधल्या घड्याळाकडे पाठ करतो,
आणि रस्त्याकडे बघतो.

अजून आली नाही.
जमलं असावं तिला.