चार सेकंद

नार्वेकर म्हणायचा,
इथल्या हवेशी भिंगाची आधी ओळख करून द्यावी लागते.
एसीतनं कॅमेरा बाहेर काढला
की काचेच्या डोळ्यांत पाणी,
वीस मिनिटं ती कुणाचं ऐकत नाही.
म्हणून शूटिंगच्या आदल्या रात्री
मुहर्रकच्या गच्चीवर कॅमेरा टॉवेलात गुंडाळलेला
आणि शेजारी चटईवर तो.

तिथंच मी फोकस ओढायला शिकलो.
टेप लावायची नाही.
"माणूस श्वास घेतो ना, तेवढं मागंपुढं."

काय काय केलं त्यानं!
उंटांच्या शर्यती, जीपच्या टपाला कंबर बांधून.
बिर्याणीची जाहिरात, जिच्यातली वाफ
माझ्या सिगरेटची होती.
बड्या घरची लग्नं: बायकांच्या दालनात मज्जाव,
तर दिवे लावून बाहेर यायचा,
कॅमेरा लोर्नाच्या हातात
आणि पडद्याआडून हा आकडे सांगतोय,
चार, पाच-सहा, आता चार.

शुक्रवार मात्र जासिमचा.
मोती काढणाऱ्याच्या नातवाचा सिनेमा,
चार वर्षं चालला.
मानधन पेट्रोल,
आणि जासिमच्या आईचं मच्छीचं मजबूस.
शेवटी पडद्यावर नाव आलं: नरविकार.
हसला. म्हणाला, बरोबरच आहे.

पण मला आठवते ती गोदीतली सुरक्षा-फिल्म.
हातमोजे, पट्टा, शिडी.
कंपनीला नुसते हात हवे होते.
हात होते बारिसालच्या मोतालेबचे.
त्यानं हळूच विचारलं, "मुँह आएगा, साब?"

नार्वेकर बोलला नाही.
दिवा दोन बोटं वर केला.
शिरस्त्राणाची सावली कपाळावरून सरकली,
आणि एक माणूस
चार सेकंद
सरळ आमच्याकडे बघत राहिला.

कंपनीनं ते कापलं.
नार्वेकरनं डिस्कवर चिकटपट्टी लावली:
मोतालेब, ४ से., पाठवणे.

साठीला व्हिसा संपला, तो वेंगुर्ल्याला गेला.
फोन करतो. "इथं भिंगाला काहीच होत नाही रे,"
जरा तक्रारीच्या सुरात.

कामं आता माझ्याकडे येतात.
डिस्कही माझ्याकडेच.
मोतालेबचा नंबर लागत नाही.
तरी लावतो अधूनमधून,
पहाटे गच्चीवर,
काच निवळेपर्यंत
दुसरं करण्यासारखं काही नसतं तेव्हा.